फुटलेला तारा नकाशात नेमका कुठे काढू?

साखळीवाला

नमस्कार मंडळी. प्रश्न जरा येडा आहे, पण इथे माझ्याहून येडी माणसं आहेत या भरवशावर टाकतोय.

मी मोजणी खात्यातला. सातारा जिल्ह्यात भूकरमापक म्हणून तीस वर्षं झाली, निवृत्तीला थोडी राहिलीत. सगळी नोकरी बांधावर गेली. दोन भाऊ, मधे एक बांध, बांधावर एक बाभळ, आणि बाभळीच्या सावलीत टेबल लावून मी. आता हातात रोव्हर असतो, उपग्रहावरून घटकेत बिंदू मिळतो. पण नोकरीला लागलो तेव्हा साखळी ओढलीये, प्लेन टेबलावर पट्टी फिरवलीये. नकाशा काढायची खोड तिथूनच लागली.

२०२० च्या लॉकडाऊनमध्ये पोरगी नववीत होती, घरात बसून कंटाळलेली. तिच्यासाठी एक खोटा मुलूख काढायला घेतला. ड्रॉइंगचा मोठा कागद, सात प्रांत, दोन नद्या, एक घाट, घाटात एक चोरवाट. पोरगी आता पुण्यात इंजिनिअरिंगला आहे, तिचा उत्साह मावळला. माझा काही मावळला नाही. आज चौदा कागद झालेत, एकेका प्रांताचे गावनकाशेसुद्धा आहेत. बायको म्हणते, हापिसातले नकाशे वेळेवर दिले असते तर बढती मिळाली असती.

त्या मुलखाचा एक ध्रुवतारा आहे, त्याचं नाव ‘तिवडा’. ज्यांनी खळं पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगतो. खळ्याच्या मधोमध एक खांब रोवतात, त्याला बैलांची पात बांधून मळणी करतात, तो खांब म्हणजे तिवडा. आजोळी लहानपणी पातीमागे हाकत फिरलोय. सगळं आकाश ज्याच्याभोवती फिरतं त्याला दुसरं नाव मला सुचलंच नाही.

तर, त्या मुलखात सगळ्या हद्दी तिवड्यावरून ठरलेल्या. दगडापाशी उभं राहायचं, तिवडा धरायचा, सरळ रेघ मारायची. आणि ९०० वर्षांपूर्वी एका रात्री तिवडा फुटला. तुकडे हळूहळू पांगायला लागले. मग प्रत्येक राजाने आपापला तुकडा धरला आणि म्हणाला, हीच उत्तर. थोडक्यात, ताऱ्याचे पोटहिस्से पडले आणि सातबारा कुणाचाच जुळेना. गोष्ट एवढीच. युद्ध वगैरे आहे, पण मला युद्धात रस नाही, मोजणीत आहे.

आता अडचणी.

पहिली. पहिल्याच कागदावर मी कर्कटकाने वर्तुळ काढलं आणि तुकड्यांच्या खुणा करत गेलो. शाळेत शिकवलेलं तुम्हाला आठवत असेल, त्रिज्येएवढं अंतर घेऊन वर्तुळावर फिरलं की बरोब्बर सहा खुणा बसतात, सातवी पहिलीवर येते. म्हणजे तुकडे झाले सहा आणि प्रांत सात. पोरीने तेव्हाच विचारलं होतं, “बाबा, सातवा कुठंय?” म्हटलं, काढू नंतर. अजून काढतोय.

दुसरी. ९०० वर्षांत तुकडे किती पांगले असतील? चंद्राएवढे? का अर्धं आकाश भरून? मी कागदावर अंदाजाने काढलेत, पण अंदाजाने काढलेल्या रेघेवर माझा विश्वास बसत नाही.

तिसरी अडचण नाही, हिशेब आहे. दिशा एक अंशाने चुकली तर किलोमीटरमागे रेघ साडेसतरा मीटर सरकते. इथे फूटभर बांध कोरला म्हणून पिढ्यान्‌पिढ्या कोर्टात उभे असलेले लोक मी रोज बघतो. तेव्हा तुकडा किती सरकला त्यावर माझी सगळी गोष्ट उभी आहे.

जाणकारांनी मदत करावी. आणि हो, त्या पहिल्या कागदाला मधोमध भोक पडलंय, कर्कटक रोवून रोवून. नवीन कागदावर उतरवण्याआधी जागा पक्की करायचीय.

दुर्बीणवेडा

साखळीवाले काका, धागा वाचून रात्री साडेअकराला चहा ठेवला. आता ऐका.

आधी वाईट बातमी. तारा फुटत नाही. म्हणजे बशीसारखा फुटत नाही. तारा म्हणजे तापलेल्या वायूचा गोळा, स्वतःच्याच वजनाने दाबून धरलेला. त्यातून तुकडा काढलात तर तो दाब जातो, वायू फुगतो, पसरतो, थंड होतो. कड राहत नाही, धार राहत नाही. भांडण होईल असा तुकडा हाती लागत नाही.

खरोखर फुटलेला तारा कसा दिसतो ते बघायचं असेल तर वृषभ राशीत, बैलाच्या शिंगाच्या टोकाशी दुर्बीण लावा. ४ जुलै १०५४ ला चिनी ज्योतिष्यांनी तिथे एक ‘पाहुणा तारा’ नोंदवला. २३ दिवस तो भर दिवसा दिसत होता आणि रात्री जवळजवळ दोन वर्षं. आपल्याकडचा काळ डोळ्यांपुढे आणायचा तर अंबरनाथच्या शिवमंदिरातला शिलालेख शके ९८२ चा, म्हणजे १०६० च्या सुमाराचा. देवळाचे दगड घडवणाऱ्या पाथरवटांच्या डोक्यावर तो तारा असणार. आज तिथे खेकडा तेजोमेघ आहे, सुमारे साडेसहा हजार प्रकाशवर्षांवर. त्याचा पसारा आता ११ प्रकाशवर्षांच्या आसपास आहे आणि अजून पसरतोय, सेकंदाला दीड हजार किलोमीटरने. मधोमध ताऱ्याचा उरलेला गाभा सेकंदाला तीस वेळा गरगरतो. म्हणजे तुमच्या भाषेत तिवडा आहे जागेवर, पण त्याला बांधलेलं सगळं उधळलंय. माझ्या सहा इंची दुर्बिणीतून तो गावाबाहेर धुरकट डागासारखा दिसतो. नुसत्या डोळ्यांना दिसतच नाही. एवढा मोठा स्फोट, आणि हजार वर्षांनी हा डाग.

घट्ट तुकडेच हवे असतील तर जवळात जवळची वस्तू म्हणजे म्हातारा श्वेत बटू, जळून संपलेल्या ताऱ्याचा उरलेला गाभा. सूर्याचं वजन, पृथ्वीचा आकार. तो थंड होत गेला की त्याचा गाभा स्फटिकासारखा गोठतो. नरतुरंग तारकासमूहात असा एक आहे, सुमारे ५० प्रकाशवर्षांवर, त्याला लोक लाडाने हिरा म्हणतात. पण त्याचाही टवका काढला तर टवका टिकणार नाही, दाब सुटला की भडका. तेव्हा घट्ट तुकडे ही तुमच्या मुलखाची खासियत समजा आणि पुढे चला. फक्त एक लक्षात ठेवा. तिथला तारा घट्ट असेल तर तिथला सूर्यही घट्टच असणार, आणि कधीतरी कुणीतरी पोर तोही फुटेल का म्हणून विचारणार.

आता पांगण्याचा हिशेब. समजा तिवडा २० प्रकाशवर्षांवर आहे. (म्हणजे तो फुटल्याचं लोकांना २० वर्षांनी कळलं. तुमची ९०० वर्षं कळल्यापासून धरा.) तुकडे सेकंदाला १०० किलोमीटरने सुटले तर ९०० वर्षांत प्रकाशवर्षाचा तीन-दशांश भाग जातील. २० प्रकाशवर्षांवरून ते मधल्या जागेपासून ०.८६ अंश दूर दिसतील. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत १.७ अंश, म्हणजे पौर्णिमेचे तीन चंद्र शेजारी शेजारी ठेवले तर तेवढी रुंदी. कृत्तिकांच्या पुंजक्याहून थोडं जास्त. डोळ्यांना सहज वेगवेगळे दिसतील. वेग दहापट केलात तर साडेआठ अंश होतात, हात लांब करून धरलेली मूठ जवळपास तेवढं आकाश झाकते. पण तसा स्फोट इतक्या जवळ झाला तर मुलखात भांडायला माणसं उरतील का, ही शंका. १०० वरच थांबा.

एक गोची राहिली. हे तुकडे ध्रुवापासून सरकले की जागेवर थांबणार नाहीत, बाकीच्या ताऱ्यांसारखे तेही रोज रात्री ध्रुवाभोवती फिरणार. आपला ध्रुवसुद्धा अगदी ध्रुवबिंदूवर नाही, पाऊण अंशाच्या थोडा आत आहे आणि तोही छोटंसं वर्तुळ काढतो. म्हणजे तुमच्या राजाचा तुकडा संध्याकाळी डावीकडे असेल तर पहाटे उजवीकडे. उत्तर कुठल्या वेळची धरायची?

सहा_फासे

इतकं भौतिकशास्त्र कशाला? फँटसी आहे ना!

आम्ही पाच जण दर शनिवारी फासे टाकून खेळतो, गोष्ट मी चालवतो. फुटलेला तारा आमच्याकडेही होता. माझा सल्ला एकच: सातवा तुकडा खाली पाडा. लोणारसारखं विवर करा, काळ्या कातळात, पावणेदोन-दोन किलोमीटर रुंद, मधे खारं तळं. तळ्याच्या तळाशी तुकडा. त्याची तलवार. ज्याच्या हाती तलवार त्याचं राज्य. खेळणारे वेडे होतात अशा गोष्टीला.

आमच्याकडे कुणी हद्दीच्या दगडासाठी कधी फासे टाकले नाहीत, हे नम्रपणे नमूद करतो.

साखळीवाला

दुर्बीणवेडा, तुमचे पाय कुठे आहेत? ०.८६ अंश! लगेच कॅल्क्युलेटर घेतला. किलोमीटरमागे १५ मीटर. एसटी आडवी लावली तरी जागा उरेल. एका दगडावरून दोन राजांनी समोरासमोरचे दोन तुकडे धरून रेघा मारल्या आणि शंभर किलोमीटर गेले, तर टोकाला तीन किलोमीटरचं अंतर पडतं. मधे पाचरीसारखी पट्टी, १५० चौरस किलोमीटर. १५ हजार हेक्टर, दोघांचीही आणि कुणाचीच नाही. मी या पट्टीत आत्ताच तीन गावं वसवली. दोन्हीकडचा तलाठी सारा मागायला येतो, म्हणून तिथल्या लोकांनी दोन्ही भाषांत “उद्या या” म्हणायला शिकून घेतलंय.

आणि ते रोज फिरण्याचं तुम्ही गोची म्हणून सांगितलंत, मला तर घबाड मिळालं. वेळ बदलली की उत्तर बदलते, म्हणजे भांडण आता मुहूर्ताचं! एका प्रांतात मोजणी दिवेलागणीला, दुसऱ्यात कोंबडा आरवताना, दोघंही शास्त्राप्रमाणे बरोबर. शिवाय तुकडे पांगताहेत म्हणजे चूक वाढत जाणारी. ३०० व्या वर्षी किलोमीटरमागे पाच मीटर, ९०० व्या वर्षी पंधरा. आजोबाने टाकलेला बांध आणि नातवाने टाकलेला बांध एका रेषेत येणारच नाही, दोघंही प्रामाणिक असले तरी. हे मी रोज बघतो हो. जुनी टिपणं काढली की म्हाताऱ्याची साखळी आणि माझा रोव्हर जुळत नाहीत, आणि गाव म्हणतं साहेबाने पैसे खाल्ले.

दिशेसाठी तारे बघणं ही काही माझी कल्पना नव्हे, आमच्या धंद्यातली जुनी चाल आहे. १८०२ साली मद्रासजवळ इंग्रज सर्व्हेवाल्या लॅम्बटनने पहिली आधाररेषा मोजली आणि तिथून त्रिकोणामागून त्रिकोण जोडत हा देश मोजला गेला. कोन मोजायचं अर्ध्या टनाचं यंत्र, थिओडोलाइट, ते लोक डोंगरावर चढवायचे आणि दिशेसाठी रात्री ध्रुवाचे वेध घ्यायचे. आमच्या साताऱ्यातून ध्रुव साधारण पावणेअठरा अंशांवर दिसतो, पावणेदोन मुठी. नोकरीच्या पहिल्या वर्षी एका म्हाताऱ्या साहेबांनी मला गच्चीवर नेऊन मुठी मोजायला लावल्या होत्या. म्हणाले, “यंत्र बिघडलं तर हा बिघडत नाही.” बहुतेक त्या वाक्याचा सूड म्हणून मी तारा फोडला असावा.

सहा_फासे, रागावू नका, पण तलवार नको. तलवारीने बांध सरकत नाही, सरकला तरी नोंद लागत नाही. तुकड्यातून फार तर मोजणीची पट्टी करेन.

सातव्याचं कोडं मात्र अजून सुटलं नाही.

गोधडी

साखळीवाले भाऊ, मला यातलं अंश-बिंश कळत नाही, पण एक गोष्ट खटकली म्हणून लिहिते. तुम्ही सारखं फुटला फुटला म्हणताय. ज्याच्यावर सगळं जग उभं होतं त्याला तिथली माणसं ‘फुटला’ म्हणतील का?

आपण काकण फुटलं म्हणतो का? वाढलं म्हणतो. मंगळसूत्र तुटत नाही, वाढतं. देवापुढचा नारळसुद्धा वाढवतो. माझी सासू फार कडक होती यात. लग्न होऊन आले तेव्हा विहिरीवर हात आपटून माझी चार काकणं गेली, मी ओरडले, “फुटली!” सासूबाईंनी हातातला पोहरा खाली ठेवला आणि म्हणाल्या, “पुन्हा म्हण.” मी म्हटलं, “वाढली.” मग पोहरा उचलला. त्या दिवशी संध्याकाळी कासाराकडे नेऊन कोपरापर्यंत हिरवा चुडा भरला, तेही खरं.

तेव्हा तुमच्या मुलखात म्हातारी माणसं म्हणतील, तिवडा वाढला. फुटला असं म्हणणारा एक तर परका असेल, नाहीतर ताऱ्याशी वैर असलेला. पोरगं चुकून फुटला म्हणालं तर त्याला तोंड धुवायला पाठवतील.

आणि त्या वाढलेल्या काकणांचे तुकडे आम्ही पोरी डबीत जमवायचो. दिव्यावर धरून वाकवायचे आणि एकात एक अडकवून साखळी करायची. बोटं भाजायची. माझ्याकडे अजून एक डबी आहे, काल तुमचा धागा वाचून काढली. हिरवे जास्त, दोन लाल, एक मोरपंखी. एक बघा, तुकडा केवढा का बारका असेना, त्याचा बाक जात नाही. नखाएवढ्या तुकड्याकडे बघूनही कळतं, हे मोठ्या मनगटाचं होतं की लहान पोरीचं.

दुर्बीणवेडा

गोधडीताई, दंडवत. खेकडा तेजोमेघाबद्दल आजवर जेवढी व्याख्यानं दिली त्यात ‘फुटला’ म्हणत आलो. तो तर ९७० वर्षं नुसता वाढतोच आहे! यापुढे शब्द बदलला.

शिवाय तो खांबही जुनाच आहे बरं. भागवताच्या पाचव्या स्कंधात ध्रुवाला मेढी म्हटलंय, खळ्यातला खांब, आणि ग्रहतारे त्याला जुंपलेल्या गुरांसारखे फिरतात असं वर्णन आहे. काकांनी ते वाचलं नसेल तर आजोळच्या खळ्यावर त्यांना तेच दिसलं, आणि मला ते जास्त आवडलं.

साखळीवाला

नाही वाचलं. पातीमागे फिरताना एवढंच कळायचं की मधल्या बैलाला चालायला कमी लागतं आणि कडेच्या बैलाची दमछाक होते.

ताई, तुमच्या डबीने माझी झोप उडवली. बाक जात नाही, हे तुम्ही सहज लिहून गेलात. पण बाक असेल तर मध्य काढता येतो! वर्तुळाचा कुठलाही तुकडा द्या. त्यावर दोन जिवा काढायच्या, दोन्हींच्या मध्यावर लंब टाकायचे, लंब जिथे छेदतील तो मध्य. सातवी-आठवीची भूमिती. शेतात पडलेल्या जुन्या विहिरीच्या कठड्याचा थोडासा बाक शिल्लक असेल तर आम्ही असाच विहिरीचा मध्य काढतो.

आणि तुकडे आकाशात रोज रात्री बाकच काढत फिरताहेत की! म्हणजे कुठलाही एक तुकडा रात्रभर बघायचा, त्याने काढलेला बाक टिपायचा, मध्य काढायचा. तुकडा कुणाचाही असो, मध्य एकच. सगळ्यात डावीकडे गेला की एक खूण आणि सगळ्यात उजवीकडे गेला की एक खूण, दोन्हींचा मधोमध घेतला तरी तेच. जुने सर्व्हेवाले ध्रुवावर हेच करायचे, कारण तोही थोडा हलतो.

म्हणजे उत्तर हरवलीच नव्हती. नुसतं कुणीतरी एक रात्र जागायला हवं होतं. सहा राजे संध्याकाळी एकदा बघून घरी जाऊन झोपले.

आता मुलखात एक म्हातारी आली आहे, पट्टीतल्या गावची, मोजणीदार. काकणाचा तुकडा कमरेला बांधून फिरते. ताई, हरकत नसेल तर मोरपंखी देतो तिला.

गोधडी

द्या. पण हिरवं द्या. मोरपंखी माझ्या धाकट्या बहिणीचं आहे.

घाटरस्ता

मी मालट्रक चालवतो, पुणे–बेंगळुरू लाइन. धाब्यावर बसून वाचतोय. ताऱ्यातलं काही कळत नाही, पण सातव्याचं मला वाटतं माहीत आहे.

सहा तुकडे सहा बाजूंना पांगले ना? मग फुटताना एखादा तुकडा आपल्याच दिशेने सुटला असेल तर?

रात्री घाटात समोरून उजेड दिसतो. उजेड डावीकडे-उजवीकडे सरकत असेल तर काळजी नाही, ती गाडी वळणावर आहे, आपल्या बाजूने निघून जाणार. जो उजेड काचेवर एकाच जागी थांबतो, जागचा हलत नाही, फक्त जरा जरा मोठा होतो, तो सरळ आपल्यावर येतोय. मला लाइनवर आणताना उस्तादने पहिल्याच रात्री हे शिकवलं. काचेवर बोटाने थुंकीचा ठिपका लावला आणि म्हणाला, दिवा या ठिपक्यातून हलला नाही तर गाडी खाली घे, हॉर्न नंतर मार. तेवीस वर्षं झाली, मी अजून ठिपका लावतो. क्लीनर हसतात.

सातवा तुकडा मधेच असणार. लोकांना वाटत असेल जुना ताराच थोडा शिल्लक आहे.

दुर्बीणवेडा

घाटरस्ता, हे वाचून खुर्चीतून उठलो.

शंभर टक्के बरोबर. आपल्या दिशेने सुटलेला तुकडा बाजूला सरकणारच नाही. तो ध्रुवबिंदूवर जिथल्या तिथे दिसेल, रात्रभर फिरणार नाही आणि ९०० वर्षांत पांगणारही नाही. काकांच्या म्हातारीने कुठल्याही तुकड्याचा बाक घेऊन मध्य काढला की मध्य बरोब्बर त्याच्यावर येणार.

त्याच वेगाने तो मुलखापर्यंत पोचायला ६० हजार वर्षं घेईल, त्यामुळे आजच घाबरायचं कारण नाही. ९०० वर्षांत तो तीनेक टक्केच उजळला असेल, डोळ्याला कळणारही नाही तेवढा. पण जुन्या नोंदी आणि नव्या नोंदी शेजारी ठेवून कुणी चिकाटीने बघितलं तर... आकाशात चिकाटीने बघणारे असतात. २०१९ च्या शेवटी मृगातला तांबडा तारा, काक्षी, अचानक मंदावला तेव्हा, आता हा जातो की काय म्हणून आम्ही रोज रात्री गच्चीवर. २०२० च्या वसंतात तो पूर्ववत झाला, त्याने स्वतःच टाकलेली धूळ मधे आली होती असं नंतर निघालं. त्या दोन-तीन महिन्यांत मी शेजारच्या ताऱ्यांशी ताडून त्याची तेजस्विता जितक्या वेळा लिहिली तितक्या वेळा स्वतःचं वजन केलं नसेल.

सहा_फासे

ठीक आहे, तलवार मागे घेतो. सातव्या प्रांताचं माझं ऐका मात्र. सहा राजे म्हणतात तारा फुटला. सातवा प्रांत म्हणतो, कुठे फुटला, आमचा तिवडा जागेवर आहे. बाकीचे त्यांना खुळे समजतात. त्यांचे बांध सरळ, ९०० वर्षं सरळ. आणि नेमका त्यांचा...

शनिवारच्या मंडळींना हे सांगितलं. पाचांपैकी तिघांना सातव्या प्रांताचे व्हायचंय आणि एकाला म्हातारी व्हायचंय. पहिल्यांदाच कुणीतरी हद्दीच्या दगडासाठी फासे टाकणार, काका, तुम्हाला वंदन.

साखळीवाला

मंडळी, उशीर झाला, कामाचा ताण होता. (दोन चुलतभाऊ, एक विहीर. विहीर मोजली, भाऊ मोजता आले नाहीत.)

रविवारी सगळे कागद जमिनीवर पसरले. पोरगी सुट्टीला आली होती, तिलाही खाली बसवलं. घाटरस्ताचा ठिपका तिला वाचून दाखवला. ती काही बोलली नाही, चष्मा काढून पुसत बसली.

नवीन कागदावर सहा तुकडे काढले, आता मापात. मधल्या बिंदूपासून ०.८६ अंश, प्रमाण धरून. पाचरीची पट्टी रंगवली, फिका पिवळा. तीन गावं, म्हातारीचं घर, घरासमोर खळं. दोन भाषांतलं “उद्या या” वेशीवर लिहिलं. सातव्या प्रांतात ‘फुटला’ हा शब्दच नाही, तिथे ‘वाढला’ म्हणतात, आणि बाकी सहा प्रांतांत फुटला म्हणतात. गोधडीताई, माणूस कुठला हे तिथे एका शब्दावरून ओळखतात. सीमेवरचा नाकेदार नाव विचारत नाही, आकाशाकडे बोट दाखवतो आणि विचारतो, “याचं काय झालं?”

मग सातवा काढायला घेतला, आणि तिथे हात थांबला. बाजूला पांगलेली वस्तू कागदावर बाजूला दाखवता येते. जी सरळ बघणाऱ्याच्या डोळ्यात येतेय ती सपाट कागदावर कशी दाखवायची? मोठा ठिपका काढावा तर तो नुसता मोठा तारा वाटतो. बाण काढावा तर तो कुठल्या तरी बाजूला जातो. अर्धा तास पेन्सिल धरून बसलो. तीस वर्षांत असली वस्तू मोजणीला आली नव्हती.

पोरीने पहिला कागद उचलला, २०२० चा, कडा पिवळ्या पडलेल्या. खिडकीसमोर धरला. मधोमध कर्कटकाचं भोक, त्यातून उन्हाची एक काडी तिच्या गालावर पडली होती. म्हणाली, “बाबा, हा काय.”

नवीन कागदावर मी रेघ मारली नाही. कर्कटकाचं टोक रोवलं, एक वळसा दिला आणि काढून घेतलं. भोक जरा मोठं झालंय, मागून चिकटपट्टी लावायला गेलो तर पोरीने हात धरला. तसंच ठेवलंय.